लाईट गेल्यावरही चालू राहणारा खेळ

शहापूर आणि मुरबाड हे ठाणे जिल्ह्याचे तालुके अंतराने मुंबईला जवळ असले, तरी मुंबईत आलेली नवी वस्तू तिथे सरळ पोहोचत नाही. ती आधी कल्याण-उल्हासनगरच्या बाजारात उतरते, तिथल्या घरांत काही वर्षे वापरली जाते, आणि मग कसाऱ्याच्या लोकलने आसनगावला किंवा कल्याणहून सुटणाऱ्या एसटीने मुरबाडला येते. तानसा, मोडकसागर आणि भातसा या शहापूर तालुक्यातील धरणांचे पाणी शहराकडे जाते आणि शहराने वापरून बाजूला ठेवलेली यंत्रे उलट दिशेने येतात, हा व्यवहार या भागात जुना आहे. टीव्हीला जोडून खेळण्याची यंत्रे, म्हणजे कन्सोल, याच वाटेने आली. त्यामुळे जुना खेळ नव्या यंत्रावर चालवण्याचा प्रश्न, जो शहरी ग्राहकासाठी बहुधा हौसेचा असतो, तो येथे रोजच्या वापराचा झाला.

एका पिढीच्या यंत्रासाठी लिहिलेला खेळ पुढच्या पिढीच्या यंत्रावर चालणे, या गुणाला तंत्रज्ञ 'बॅकवर्ड कम्पॅटिबिलिटी', म्हणजे मागच्या पिढीशी सुसंगती, असे म्हणतात. कंपन्यांच्या जाहिरातींत ती यंत्राची एक सोय म्हणून येते. शहापूर आणि मुरबाडच्या बाजारपेठांत मात्र ही सुसंगती माणसे हाताने घडवतात असे दिसते, आणि तिची गरजही वेगळ्या कारणांतून निर्माण होते: वीज, रेंज, फोनमधली जागा आणि खिशातले पैसे यांच्या मर्यादेत जो खेळ पूर्ण मिळतो आणि पूर्ण राहतो तो बहुधा जुनाच असतो.

कॅसेटचा काळ आणि संथ झालेली धून

१९९०च्या दशकात ज्याला सर्रास 'टीव्ही गेम' म्हटले जाई, ते यंत्र मूळचे जपानच्या निन्तेन्दो कंपनीचे. १९८३ मध्ये बाजारात आलेल्या 'फॅमिकॉम'ची अंतर्गत रचना तैवान आणि चीनमधील उत्पादकांनी उतरवून घेतली आणि मीडिया, लिटल मास्टर, टर्मिनेटर अशा नावांनी तिच्या नकला भारतात विकल्या गेल्या. निन्तेन्दोचे अस्सल यंत्र ग्रामीण ठाण्यातील कोणाच्या घरी असण्याची शक्यता फारच थोडी. ज्या पिढीने 'मारियो' आणि 'कॉन्ट्रा' खेळले तिने ते या नकलांवरच खेळले. खेळ ज्या प्लॅस्टिकच्या डबीत येई तिला सगळे कॅसेट म्हणत, जरी आत फीत नसून छापील पट्टीवर बसवलेल्या चिप्स असत. कॅसेटवर लाखोंच्या आकड्यात खेळ असल्याचे छापलेले असे, पण प्रत्यक्षात मोजकेच खेळ निरनिराळ्या टप्प्यांपासून सुरू होत पुन्हा पुन्हा यादीत येत. कॅसेट चालली नाही की ती काढून तिच्या टोकावर फुंकर मारण्याची रीत घरोघरी होती. खरे काम मात्र पितळी रंगाच्या त्या संपर्कपट्ट्यांवरचा मळ खोडरबराने घासून काढल्यावर होई, कारण फुंकरीतला ओलावा उलट गंज वाढवतो.

या नकलांमध्ये सुसंगतीची एक गुंतागुंतीची समस्या सोडवलेली होती, जिच्याकडे तेव्हा कोणाचे लक्ष गेले नाही. जपानी टीव्ही सेकंदाला ६० वेळा चित्र बदलत असे, तर भारतात वापरली जाणारी 'पाल' पद्धत ५० वेळा. जपानी यंत्रासाठी लिहिलेले खेळ पाल टीव्हीवर चालावेत म्हणून तैवानी चिप्सच्या रचनाकारांनी प्रोसेसरचा वेग जवळपास मूळचाच ठेवला आणि प्रत्येक चित्रानंतरचा रिकामा काळ वाढवला. परिणामी खेळ बिनचूक चालले, पण सेकंदाला ५० पावलांनी. संगीताचा सूर जागच्या जागी राहिला आणि लय सुमारे सहाव्या हिश्श्याने संथ झाली. लहानपणी अशा यंत्रावर मारियो खेळलेला माणूस आज तोच खेळ मोबाईलवर लावतो आणि धून पळतेय, मारियोही जास्त घाई करतोय असे त्याला जाणवते, ते यामुळे. त्याची आठवण चुकलेली नसते. त्याच्या घरी तो खेळ खरोखरच संथ होता, आणि आजची अनुकरण-प्रणाली, म्हणजे जुन्या यंत्राचा आभास फोनवर उभा करणारी संगणकप्रणाली, जपानी-अमेरिकी वेग प्रमाण मानते. काही प्रणालींत या नकलांचा वेग निवडण्याची सोय आहे, हे फार थोड्यांना ठाऊक असते.

याच यंत्राबरोबर मिळणारी बंदूक आता कोणत्याही नव्या टीव्हीवर चालत नाही, आणि त्याचे कारण यंत्राइतकेच टीव्हीत आहे. बदकांवर नेम धरण्याच्या खेळात घोडा दाबताच पडदा क्षणभर काळा होतो आणि पुढच्या चित्रात बदकाच्या जागी पांढरा चौकोन उमटतो. बंदुकीच्या नळीतील प्रकाशसंवेदक काळ्यानंतर पांढरे आले की नाही एवढेच पाहतो. जुन्या काचेच्या टीव्हीवर हे चित्र त्याच क्षणी उमटत असे. आजचा सपाट टीव्ही आलेले चित्र आधी साठवतो, त्यावर प्रक्रिया करतो आणि मग दाखवतो. तेवढ्या उशिरात यंत्राने नेम चुकल्याची नोंद केलेली असते. भंगारात काचेचे टीव्ही गेले, आणि त्यांच्याबरोबर खेळाचा हा एक संपूर्ण प्रकार गेला.

यंत्राच्या पोटातले जुने यंत्र

कंपन्यांनी सुसंगती कशी साधली आणि कशी सोडली, याचे सर्वांत बोलके उदाहरण सोनीचे आहे. मार्च २००० मध्ये जपानमध्ये आलेल्या प्लेस्टेशन टू या यंत्रात, ज्याला सर्वत्र पीएस-टू म्हटले जाते, आधीच्या प्लेस्टेशनचा मुख्य प्रोसेसर जसाच्या तसा बसवलेला होता. एरवी तो बटणे, डिस्क आणि आवाज यांची देवघेव सांभाळणारा दुय्यम कामगार असे. जुन्या यंत्राची डिस्क घातली की तोच मुख्य होई. जुने यंत्र नव्याच्या पोटात वावरत होते आणि त्याला तिथे रोजचे कामही होते, म्हणून ती सोय जवळजवळ फुकट पडली. जगभरात १५ कोटींहून अधिक विकल्या गेलेल्या पीएस-टूच्या यशात आधीच्या खेळांचा साठा वाया न जाण्याचा वाटा मोठा होता.

२००६ मध्ये प्लेस्टेशन थ्री आले तेव्हा सुरुवातीच्या प्रतींत पीएस-टूच्या चिप्स अशाच घातल्या होत्या, पण आता त्यांना दुसरे काही काम नव्हते आणि त्या यंत्राची किंमत वाढवत होत्या. वर्षभरात त्या टप्प्याटप्प्याने काढल्या गेल्या आणि पीएस-टूच्या डिस्क नव्या यंत्रांसाठी निरुपयोगी झाल्या. पुढच्या प्लेस्टेशन फोरवर थ्रीचे खेळही चालले नाहीत, कारण थ्रीचा प्रोसेसरच जगावेगळा होता. भारतात २ फेब्रुवारी २०२१ रोजी ४९,९९० रुपयांना विक्रीस आलेले प्लेस्टेशन फाइव्ह फोरचे बहुतेक सर्व खेळ चालवते. त्यामागच्या पिढ्यांच्या डिस्क मात्र ते ओळखत नाही.

मायक्रोसॉफ्टने २०१५ मध्ये एक्सबॉक्स वनसाठी वेगळा मार्ग निवडला. जुन्या एक्सबॉक्स ३६०ची डिस्क यंत्रात घातली की खेळ डिस्कवरून चालत नाही. यंत्र त्या खेळाची नव्याने बांधलेली प्रत इंटरनेटवरून उतरवून घेते आणि डिस्क फक्त मालकीचा पुरावा म्हणून आत राहते. अभियांत्रिकी म्हणून हे काम उत्तम आहे. पण माळशेजच्या पायथ्याला टोकावड्यापलीकडच्या किंवा शहापूर तालुक्यात डोळखांबपलीकडच्या एखाद्या पाड्यावरून त्याकडे पाहिले, की त्यात गृहीत धरलेल्या गोष्टी उघड्या पडतात: अनेक जीबी उतरवू देणारी अखंड जोडणी, चालू खाते आणि तितका वेळ न जाणारी वीज. हातात अस्सल डिस्क असलेला मालकही यांतील एक गोष्ट नसेल तर खेळू शकत नाही.

मोबाईल हाच नवा कन्सोल

सप्टेंबर २०१६ मध्ये जिओची सेवा सुरू झाल्यानंतर स्वस्त स्मार्टफोन या तालुक्यांत झपाट्याने पसरला, आणि बहुतेक तरुणांच्या हाती आलेले पहिले नवेकोरे खेळयंत्र म्हणजे हा फोनच होय. जुने खेळ त्यावर आणणाऱ्या संगणकप्रणालीला इम्युलेटर म्हणतात. एका प्रोसेसरसाठी लिहिलेल्या आज्ञा दुसऱ्या प्रोसेसरच्या आज्ञांत चालता-चालता उलगडून दाखवायच्या आणि मूळ यंत्राचे चित्र, आवाज व बटणे यांचा आभास उभा करायचा, हे तिचे काम. सर्वाधिक पसरलेली प्रणाली म्हणजे 'पीपीएसएसपीपी'. हेन्रिक रिडगॉर्ड या स्वीडिश प्रोग्रामरने २०१२ मध्ये ती प्रसिद्ध केली, तिचा मूळ कोड सर्वांसाठी खुला आहे, आणि ती सोनीच्या पीएसपी या खिशातल्या यंत्राचे अनुकरण करते. पीएसपीचा पडदा अवघ्या ४८० बाय २७२ ठिपक्यांचा होता आणि प्रोसेसर ३३३ मेगाहर्ट्झचा, त्यामुळे सहा-सात हजारांच्या फोनलाही हे ओझे पेलते. शिवाय ही प्रणाली पीएसपीच्या अंतर्गत प्रणालीची कामे स्वतःच करते, म्हणून सोनीच्या मालकीची कोणतीही फाईल वेगळी लागत नाही.

मोबाईल दुरुस्तीच्या दुकानांत हे काम कसे चालते ते जवळून पाहण्यासारखे आहे. आठवडी बाजाराच्या दिवशी, काच बदलणे आणि चार्जिंगचा पिन बसवणे यांच्या मधल्या वेळेत, 'गेम टाकून दे' म्हणत मुले येतात. दुकानदार आधी फोनची रॅम आणि उरलेली जागा पाहतो, बहुतेक वेळा ती भरलेलीच असते, आणि लग्नाचे व्हिडिओ मेमरी कार्डावर हलवून ती मोकळी करतो. मग प्रणालीच्या रचनेत जाऊन चित्राची स्पष्टता मूळ यंत्राइतकी, म्हणजे 'वन एक्स'वर आणतो, काही चित्रे गाळण्याची सोय चालू करतो आणि 'टेकेन सिक्स' किंवा 'गॉड ऑफ वॉर' लावून आवाज तुटतो का ते कान देऊन ऐकतो. आवाज तुटला की फोन मागे पडतोय हे चित्राआधी कळते. हे ज्ञान कोणत्याही अभ्यासक्रमात नाही, पण कोणत्या चिपच्या फोनवर कोणता खेळ कोणत्या रचनेत सुरळीत चालतो याची जी यादी अशा कारागिराच्या डोक्यात असते, ती कंपनीच्या प्रयोगशाळेतील चाचणीच्याच जातीची आहे आणि तिला तसा मान मिळायला हवा.

फोनची खरी उणीव बटणांची आहे. काचेवर रेखाटलेल्या बटणाला कड नसते, त्यामुळे अंगठा सरकला तरी बोटाला समजत नाही, आणि अंगठ्यांखाली पडद्याचा बराच भाग झाकला जातो. 'कॉन्ट्रा'मध्ये उडी मारत तिरकी गोळी झाडायची तर दिशा, उडी आणि गोळी अशा तिन्ही गोष्टी एकाच वेळी दाबाव्या लागतात. काचेवर त्या करताना सराईत खेळाडूही मरतो. म्हणून कित्येक जण ओटीजी केबलने, म्हणजे फोनला बाहेरचे उपकरण जोडणाऱ्या छोट्या तारेने, संगणकाचे स्वस्त गेमपॅड लावतात. जुना खेळ अशा रीतीने पुन्हा बटणांपाशी येतो.

लाईट, रेंज आणि बंदी

ग्रामीण महाराष्ट्राने या शतकाच्या पहिल्या दशकात आणि त्यानंतरही काही वर्षे जे भारनियमन सोसले, त्याचा कन्सोलवरच्या खेळाशी थेट संबंध होता. पीएस-टूवर खेळाची प्रगती ८ एमबीच्या मेमरी कार्डावर आणि तीही खेळाने ठरवून दिलेल्या ठिकाणीच नोंदता येई. त्या ठिकाणी पोहोचण्याआधी लाईट गेली की तासाभराची मेहनत पुसली जाई. पावसाळ्यात सह्याद्रीच्या कुशीतल्या गावांत वीज आजही बेभरवशाची असते. इम्युलेटरने यावर जो उपाय दिला तो मूळ यंत्रातही नव्हता: खेळ कोणत्याही क्षणी असेल तसा गोठवता येतो. प्रणाली त्या क्षणीची यंत्राची संपूर्ण स्मृती, पीएसपीच्या बाबतीत ३२ एमबीच्या आसपास, एका फाईलमध्ये लिहून ठेवते आणि नंतर जशीच्या तशी परत भरते. खेळाच्या रचनाकाराला अभिप्रेत असलेली जोखीम यामुळे कमी होते हे खरे, आणि जाणकार त्याला नाक मुरडतात. पण शेतावर हाक आली म्हणून उठणाऱ्या मुलासाठी ती जोखीम मुळातच वेगळ्या जागी होती.

फाईलचा आकार हा दुसरा मुद्दा. १९८५चा मूळ 'सुपर मारियो ब्रदर्स' ४० केबीचा आहे, म्हणजे व्हॉट्सअॅपवर आलेल्या एखाद्या फोटोपेक्षाही लहान. पीएसपीच्या डिस्कची कमाल क्षमता १.८ जीबी होती. हे खेळ एका फोनवरून दुसऱ्या फोनवर वाय-फायने थेट देता येतात, त्यासाठी टॉवरची गरज लागत नाही आणि दर आठवड्याला अपडेटही मागितले जात नाही.

याचे महत्त्व २ सप्टेंबर २०२० रोजी ठळक झाले, जेव्हा केंद्र सरकारने इतर अनेक अॅपसह पबजी मोबाईलवर बंदी घातली. फेब्रुवारी २०२२ मध्ये फ्री फायरची पाळी आली, आणि पबजीच्या जागी आलेला भारतीय अवतार त्याच वर्षी जुलैमध्ये अॅपच्या दुकानांतून हटवला जाऊन मे २०२३ मध्ये परतला. त्या निर्णयांच्या योग्यायोग्यतेची चर्चा वेगळी. येथे पाहायचे ते एवढेच, की हे खेळ सर्व्हरवर राहत असल्यामुळे बंदीनंतर फोनमध्ये उरलेले अॅप हे नुसते रिकामे टरफल होते. त्याच फोनवर कार्डात पडलेला वीस वर्षांपूर्वीचा खेळ मात्र पूर्ण होता. ज्याला 'जुना' म्हणून कमी लेखले जाते त्याचा हा गुण नव्या खेळांच्या अर्थकारणाने जवळजवळ संपवला आहे.

क्रिकेट २००७

ग्रामीण ठाण्यात टेनिस चेंडूच्या क्रिकेटचे वेड किती आहे, ते हिवाळ्यात भात निघालेल्या शेतांत आखलेल्या खेळपट्ट्या पाहून कळते. या वेडाला साजेसा कन्सोल-खेळ म्हणजे ईए स्पोर्ट्सचा 'क्रिकेट ०७', जो २००६च्या अखेरीस फक्त संगणक आणि पीएस-टूसाठी आला, आणि त्यानंतर त्या कंपनीने क्रिकेटचा एकही कन्सोल-खेळ काढला नाही. तो आजही खेळला जातो, कारण भारत-पाकिस्तानातील हौशी प्रोग्रामरांनी त्याच्या संगणक-आवृत्तीत नवे संघ, नवे गणवेश आणि आयपीएलची मैदाने भरली. आयपीएल सुरू झाले २००८ मध्ये, म्हणजे खेळाच्या जन्मावेळी नसलेली स्पर्धा त्या खेळात नांदते आहे. पीएस-टूची आवृत्ती २०२१च्या डिसेंबरपासून 'एथरएसएक्सटू' या अँड्रॉइड प्रणालीमुळे फोनवर आली. ही प्रणाली बनवणाऱ्या प्रोग्रामरने वापरकर्त्यांच्या धमक्या व त्रासाला कंटाळून जानेवारी २०२३ मध्ये काम थांबवले. फुकट मिळालेल्या श्रमाची किंमत न ओळखणाऱ्या वापरकर्त्यांमुळे एक चांगले काम अर्ध्यावर राहिले, ही या क्षेत्रातील दुःखद गोष्ट आहे.

कायदा काय म्हणतो

इम्युलेटर आणि खेळाची प्रत या दोन गोष्टी कायद्याच्या दृष्टीने वेगळ्या आहेत, आणि दुकानांत त्या हमखास एकत्र होतात. अमेरिकेत २००० मध्ये सोनी विरुद्ध कनेक्टिक्स या खटल्यात अपील न्यायालयाने, दुसऱ्याचे यंत्र समजून घेण्यासाठी त्याची प्रणाली उलगडणे हा रास्त वापर ठरवला. स्वतंत्रपणे लिहिलेल्या अनुकरण-प्रणाली त्या निर्णयाच्या आधारावर उभ्या आहेत. भारताच्या कॉपीराइट कायद्याचे, म्हणजे १९५७च्या कायद्याचे, कलम ५२ संगणकीय कार्यक्रमाच्या कायदेशीर धारकाला हरवणे, नष्ट होणे किंवा खराब होणे यांपासून बचाव म्हणून राखीव प्रत काढू देते, आणि वैयक्तिक, बिगरव्यापारी वापरासाठीही प्रत काढण्यास मुभा देते. मात्र मेमरी कार्ड भरून विकणे या मुभेत बसत नाही. कलम ६३-बीनुसार उल्लंघन करून काढलेली प्रत जाणूनबुजून संगणकावर वापरणे हाही गुन्हा आहे, फक्त नफ्याचा हेतू नसेल तर न्यायालय कैद टाळून दंडावर भागवू शकते. डिस्कवरील कुलूप उल्लंघनाच्या हेतूने तोडण्याला २०१२च्या दुरुस्तीने कलम ६५-ए लागू झाले.

ही कायदेशीर स्थिती झाकण्यात अर्थ नाही. पण तिच्यासमोर बाजाराची स्थितीही मांडली पाहिजे. अमेरिकेतील व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये केलेल्या पाहणीत, तिथे प्रसिद्ध झालेल्या जुन्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ कोणत्याही रूपात विक्रीस उपलब्ध नसल्याचे आढळले. पैसे द्यायची तयारी असलेल्याला न्यूयॉर्कमध्ये जे विकत मिळत नाही, ते मुरबाडला मिळण्याचा प्रश्नच येत नाही.

कोणीही न सांभाळलेल्या डिस्क

या सगळ्यात भारताचे स्वतःचे नुकसान आहे, आणि ते फारसे बोलले जात नाही. पीएस-टू जगात इतरत्र मावळत असताना सोनीने भारतात त्याच्यासाठी देशी खेळ काढवून घेतले. २००९ मध्ये हैदराबादच्या अरोना टेक्नॉलॉजीजने बनवलेला 'हनुमान: बॉय वॉरियर' हा त्या यंत्रासाठी पूर्णपणे भारतात तयार झालेला पहिला खेळ, त्याच वर्षी गेमशास्त्रचा 'देसी अड्डा' आला, ज्यात कबड्डी, विटीदांडू आणि पतंगबाजी होती, २०१० मध्ये मुंबईच्या ट्राइन गेम्सचा 'स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स' आला. गुणवत्तेच्या दृष्टीने हे खेळ कच्चे होते आणि परीक्षकांनी त्यांना तसे म्हटलेही. तरीही कन्सोलच्या पडद्यावर विटीदांडू पहिल्यांदा कसा मांडला गेला, हे पाहण्याचे दुसरे साधन नाही. नव्या प्लेस्टेशनवर या डिस्क चालत नाहीत, म्हणजे सोनीच्या लेखी त्यांचा वंश खुंटला.

चित्रपटांच्या बाबतीत हा धडा महाराष्ट्राने महागात शिकलेला आहे. १९३१चा 'आलम आरा' मुंबईत बनला आणि त्याची एकही प्रत आज उपलब्ध नाही. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ मध्ये स्थापन झाले तोवर मूकपटांच्या काळातील बहुतांश वारसा गेलेला होता. पुस्तकांसाठी १९५४चा कायदा आहे, ज्यानुसार प्रकाशकाने ठरावीक ग्रंथालयांना प्रती द्याव्या लागतात. त्या कायद्यात पुस्तके, नियतकालिके आणि वृत्तपत्रे येतात, डिस्कवरचे खेळ येत नाहीत.

प्रत्यक्ष काम अवघड नाही. पीएस-टूची डीव्हीडी साध्या संगणकाच्या डीव्हीडी-ड्राइव्हमध्ये वाचली जाते, आणि तिची हुबेहूब प्रतिमा, म्हणजे एकच मोठी फाईल, थोड्या वेळात तयार होते. ओरखडे असतील तर ड्राइव्हचा वेग कमी करून पुन्हा वाचावे लागते. शहापूर-मुरबाडच्या बाजारपेठांत लग्नाच्या शूटिंगच्या डीव्हीडी काढून देणाऱ्या दुकानांनी हेच काम उलट्या दिशेने वर्षानुवर्षे केले आहे आणि त्यांच्याकडचे ड्राइव्ह अजून चालतात. आता लग्नाचे चित्रण पेनड्राइव्हवर दिले जाते, नव्या लॅपटॉपना डिस्कची खाच नसते, आणि हे ड्राइव्ह बिघडले की ते बदलण्याचे कारण दुकानदाराला उरणार नाही. ज्यांच्या घरी देशी खेळांच्या डिस्क आहेत त्यांनी त्यांची राखीव प्रत काढायची असेल, तर ती या ड्राइव्हच्या हयातीतच काढावी लागेल.